अरबीत लिहिलं म्हणजे मुसलमानच की

समितीच्या अध्यक्षांनी पान उलटंपालटं करून पाहिलं, चष्मा कपाळावर चढवला आणि म्हणाले, "मॅडम, यात चूक झालीय. माणूस ज्यू म्हणता, आणि पुस्तक अरबीत म्हणता. अरबीत लिहिलं म्हणजे मुसलमानच की."

मी सांगलीत विश्रामबागच्या एका कॉलेजात तत्त्वज्ञान शिकवते. माझी विद्यार्थिनी इस्लामपूरजवळच्या गावची. तिच्या पीएचडीचा विषय मंजूर करून घ्यायला आम्ही दोघी साताऱ्याच्या संशोधन केंद्रात गेलो होतो. मागच्या खेपेला याच समितीनं 'याचा स्थानिक उपयोग काय' म्हणून तिला परत पाठवलं होतं. या वेळीही परत पाठवलं असतं तर तिची नोंदणी रद्द झाली असती.

विषय कुणालाही कळेल असा होता. मध्ययुगात स्पेनच्या मुसलमानी राज्यात एक ज्यू कवी होऊन गेला. ग्रीकांचा विचार अरबी भाषांतरांतून त्याच्यापर्यंत आला होता. त्यानं अरबीतच तत्त्वज्ञानाचं पुस्तक लिहिलं आणि त्यात धर्मग्रंथांचा एकही दाखला दिला नाही. पुढं त्या पुस्तकाचं लॅटिन झालं. त्यात त्याच्या नावाचा असा काही चुथडा झाला, की ख्रिस्ती पंडित कित्येक शतकं त्याच्याशी वाद घालत राहिले आणि त्याला अरब मुसलमान समजत राहिले. काहींना तो ख्रिस्तीही वाटला. शेवटी एका अभ्यासकानं या कवीच्या नावावर असलेले हिब्रूतले काही उतारे आणि ते लॅटिन पुस्तक शेजारी-शेजारी ठेवून वाचलं, तेव्हा कळलं की ज्याची भजनं ज्यूंच्या प्रार्थनेत म्हणतात तोच हा माणूस. हा विचार या तीन धर्मांतून कसा फिरला, हे तिला लिहायचं होतं.

आणि हे सगळं ज्या पानावर लिहिलं होतं तेच पान हातात धरून अध्यक्ष तीच चूक करत होते. आधी मला हसू आलं. मग संताप आला.

मी म्हटलं, "सर, भाषा वेगळी, धर्म वेगळा. त्या काळचे बरेच ज्यू विद्वान अरबीत लिहायचे. आणि तेसुद्धा पुष्कळदा हिब्रू अक्षरांत. आपण मराठी मोडीत लिहायचो तसं."

"मोडी भाषा वेगळी, मॅडम."

"मोडी भाषा नाही सर, लिपी आहे."

"आमच्या घरी मोडी भाषेतली कागदपत्रं आहेत. मराठीत भाषांतर करून घेतलीत मी," अध्यक्ष म्हणाले. बाकीच्या दोघांनी माना डोलावल्या. चहा आला.

मी पुन्हा तोंड उघडणार, तेवढ्यात माझी विद्यार्थिनी म्हणाली, "बरं सर. बघते."

बघते म्हणजे काय बघणार होती? तिच्या 'बरं'वर विषय मंजूर झाला. पत्र आठवड्यानं येईल म्हणाले. बाहेर आल्यावर स्टँडपर्यंत मी तिच्या चार पावलं पुढंच चालत राहिले. बोलले असते तर वाईट बोलले असते.

पत्र आलं. विषय होता 'मध्ययुगीन मुस्लिम तत्त्वज्ञ : एक अभ्यास'. ज्यू गायब. तीन धर्म गायब. तिनं चार वर्षं वाचलं ते सगळं गायब. तिनं फोन केला तेव्हा आवाज अगदी शांत होता. त्यानं मी जास्तच भडकले.

"राहू द्या मॅडम," ती म्हणाली. "आत आपण बरोबरच लिहू की. वरचं कोण वाचतंय?"

"वरचंच वाचतात. आतलं कुणी वाचत नाही. तुझ्या पदवीवर हेच छापून येणार आहे. त्या कवीचं पण आतलंच बरोबर होतं, वरचं नाव तेवढं चुकलं होतं. काय झालं माहीत आहे ना?"

"माहीत हाय."

"मग त्या दिवशी 'बरं सर' कशाला म्हणालीस? तिथं काय कुणी तलवार घेऊन उभं होतं? चहा-बिस्किटं होती समोर."

ती म्हणाली, "मॅडम, आमचं आज्जा छप्पन्न सालीच बौद्ध झालं. माझ्या शाळेच्या दाखल्यावर मास्तरांनी हिंदू लिवलंय. माझ्या वडलांनी, आबांनी, ते दुरुस्त करायला लय हेलपाटं घातलं. तालुक्याला जा, जिल्ह्याला जा. सगळे हेच म्हणायचे, एका शब्दानं काय हुतंय? शेवटी आबा दमले. तसंच राहिलं. आता ह्या शब्दासाठी पण मीच भांडायचं व्हय? कुठं कुठं भांडू?"

माझ्या माहेरी ऊस, सासरी ऊस आणि फौज. आमच्या दाखल्यांवर काय लिहिलंय हे बघायची वेळ आमच्यावर कधी आली नाही. इतका वेळ मी तिच्यावर चिडले होते. ते चुकीच्या माणसावर चिडणं होतं. राग काही कमी झाला नाही, त्याचा पत्ता तेवढा बदलला.

"तू नको येऊस," मी म्हटलं. "उद्या मी जाते. मार्गदर्शक म्हणून सही माझीच आहे."

दुसऱ्या दिवशी सकाळच्या साताऱ्याच्या गाडीत बसले. इस्लामपूरला गाडी थांबली आणि ती वर चढली. "सरकून घ्या मॅडम," म्हणाली आणि समितीपुढं ठेवलेल्या विषयाची मूळ प्रत मांडीवर घेऊन बसली. कराडपर्यंत आम्ही ऊसतोडीच्या ट्रॅक्टरांना शिव्या घालत होतो.

केंद्रातल्या क्लार्कनं पत्र पाहिलं, प्रत पाहिली आणि कंटाळून म्हणाला, "आवं मॅडम, सायबांनीच सांगितलं तसं टाईप केलंय. ज्यू काय न् मुस्लिम काय, तिकडचंच की सगळं. एका शब्दासाठी सांगलीस्नं आला व्हय?"

मी तोंड उघडायच्या आत त्यानं पेन काढलं. 'मुस्लिम' खोडून वर बारीक अक्षरात 'ज्यू' लिहायला लागला.

तिनं पत्र त्याच्या हाताखालून ओढून घेतलं.

"खाडाखोड नको," ती म्हणाली. "आबांच्या हेलपाट्यांत अशीच खाडाखोड करून मिळालेला एक कागद हाय आमच्या घरात. तो कुठंच चालत न्हाई. नवीन टाईप करा. विषय ह्या प्रतीवर हाय तसाच, सगळा. खाली सायबांची सही."

"सायब जेवायला गेलेत."

"जेवू द्या," ती म्हणाली, आणि खिडकीसमोरच्या बाकावर माझ्यासाठी जागा करून बसली. "आमी थांबतो."