हळू बोलणारी माणसं

स्पेनमधल्या यादवीनंतरच्या एका घराचा तो जुना सिनेमा मी पहिल्यांदा पाहिला अमरावतीला, एका सभागृहात. आधी दीपप्रज्वलन झालं. वरचा पंखा बंद करायचं कुणाला सुचलं नाही, त्यामुळे ते बराच वेळ चाललं. मग हार घातलेल्या वक्त्यांनी ‘मौनाचं राजकारण’ समजावून सांगितलं, न थांबता. सिनेमात मोठी माणसं दारं लोटून हळू बोलत आणि एक लहान मुलगी बाहेर ऐकत उभी असे. नंतर चहावर आम्ही त्या मौनाबद्दल मोठमोठ्यानं मतं दिली.

दुसऱ्यांदा पाहिला तो तेल्हाऱ्याला, चुलत बहिणीच्या घरी. कापसाची ती वर्षं वाईट होती. मेहुणे गेल्या हंगामात गेले होते. भाची तापानं पडून होती. तिला करमावं म्हणून सीडी लावली. माझ्या पिशवीत दुसरी नव्हती. पडद्याखालचं इंग्रजी वाचून मी तिला आपल्या बोलीत गोष्ट सांगत होतो.

“मामा, हे लोकं इतकं हळू काहून बोलून राहिले?”

लढाई नुकतीच संपली, माणसं भितात, असं मी सांगितलं. आपल्या घरीही असंच बोलतात, म्हणाली. तक्रार नव्हती, नुसती ओळख पटली होती.

तेवढ्यात बहीण तापाचं औषध घेऊन आली. पोरीनं दात आवळले. सकाळपासून हेच चाललं होतं, आणि ताप उतरला नाही तर अकोल्याला न्या, असं डॉक्टरांनी बजावलं होतं. तिच्या सासूबाई म्हणाल्या, कडू लागत असेल, साखर द्या. पोरगी उशीत तोंड खुपसून म्हणाली,

“बाबानं औषधच घेतलं होतं.”

आमच्याकडे कपाशीवर फवारतात तेही औषध. माणूस ते प्यायला तरी ‘औषध घेतलं’ असंच म्हणतात. त्या घरात हे वाक्य कितीदा तरी दाराआड बोललं गेलं होतं. दाराबाहेर कोण आहे, हे कुणी पाहिलं नव्हतं.

सासूबाई उठून आत गेल्या. बहिणीनं चमचा आपल्याच तोंडात रिकामा केला, पुन्हा भरला.

“ते कपाशीचं होतं. जहर. हे तापाचं हाये.”

“मंग बाबाले कोणी सांगतलं नोतं काय?”

बहीण बोलली ती शेजारी ऐकू जाईल अशा आवाजात, पूर्वी बोलायची तशी.

“माहीत होतं त्याईले.”

पोरगी उशी सोडून चमच्यासमोर उठून बसली. मग तिनं तोंड उघडलं.