सफेदा न लावलेला राजा

बाळांनो, परवा धाकटी फोनवर रडली. शाळेच्या नाटकात तिला परी व्हायचं आहे आणि मुली म्हणतात, परी एवढी काळी नसते. तेव्हापासून मला आमच्या सौंसर गावचा एक राजा आठवतो आहे. फोनवर नीट सांगता येत नाही, म्हणून लिहिते.

ऐंशीच्या दशकातली गोष्ट. तुमची आई तेव्हा लहान होती. आमच्या गल्लीच्या गणपतीत दरवर्षी पौराणिक नाटक व्हायचं. राजाच्या तोंडाला सफेदा, राक्षसाच्या तोंडाला काजळी, असा रिवाज होता. मोहगावकडचे एक गोंड गृहस्थ कायम राक्षस व्हायचे. आवाज असा की माईक नको. त्यांना राजा करायचा होता, पण विचारत कोण होतं? मी पडद्यामागून संवाद सांगायची, त्यामुळे मला माहीत होतं, राजाचं सगळं भाषण त्यांना पाठ होतं.

एका वर्षी राजा करणारे मास्तर बदली होऊन पांढुर्ण्याला गेले आणि ती भूमिका यांना मिळाली. मंडळाचे अध्यक्ष सफेद्याची वाटी घेऊन आले.

"लाव ना गा, राजा हाय तू."

"राजा आहो म्हनूनच नाही लावत जी."

"लोक हासतीन."

"राक्षस होतो तवाबी हासतच होते."

पडदा उघडला. पुढूनच कोणी ओरडलं, "राजाले ऊन लागलं का बे?" सगळा मांडव हसला. मी पहिलं वाक्य सांगितलं. त्यांनी घेतलं नाही. पुन्हा सांगितलं. ते सरळ मंचाच्या कडेपर्यंत पुढे गेले.

"ऊन तं लागलंच, भाऊ. संत्र्याच्या वाडीत राबतो, तूबी राबतं. पन आपल्या इकडचा देवगडचा किल्ला पाह्यला का? तिथं आमचेच गोंड राजे होते. तुह्या आज्याचे आजे त्याहिलेच मुजरा करत होते. त्याहिले कोन सफेदा लावत होतं? माह्या रंगाचा राक्षस तुमाले चालते, मंग राजा काहून नाही चालत? नसन चालत तं सांगा, हा चाललो मी घरी."

त्यांनी मुकुट काढून पेटीवर ठेवला. मी पुस्तक मिटलं.

मग बायकांच्या बाजूने एक म्हातारी म्हणाली, "घाल गा तो मुकुट. राजावानीच दिसून राहिला तू. आता पुढं बोल, मले सुनेनं लवकर बोलावलं हाय."

पुन्हा हशा झाला, पण आता तेही हसत होते. मुकुट घातला आणि पहिल्या वाक्यापासून सुरुवात केली. मला पुस्तक उघडावं लागलं नाही.

दुसऱ्या दिवशी शाळेच्या वेळी मी रोजच्यासारखा तुमच्या आईच्या तोंडाला लावायला पावडरचा डबा काढला. तिने तो बाजूला सारला. "राजाले नाही लागत, तं मले कायले?" डबा परत फळीवर गेला. धाकटे, तुझा रंग तिचाच आहे.

ते गृहस्थ आता नाहीत. गणपतीतलं नाटक अजून होतं, आणि त्यात राजाला सफेदा लावत नाहीत.