बाजेखालची शेगडी

अलकनंदाबाई रत्नागिरीहून आल्या त्या लेकीच्या बाळंतपणासाठी. एकाहत्तरचा जानेवारी होता. नीला आणि जावई शशिकांत दिल्लीला आर. के. पुरममध्ये आमच्या समोरच्याच क्वार्टरमध्ये राहत. गावाकडे अर्ध्या आळीची बाळंतपणं बाईंच्या हातची.

"अहो, इथलं पाणी चावतंय की हो!" पहिल्याच सकाळी त्या मला म्हणाल्या. शशिकांतने लगेच खिडक्यांच्या फटींवर वर्तमानपत्रं चिकटवली. खालच्या मिसेस चोप्रा अंगीठी, म्हणजे त्यांची कोळशाची शेगडी, अंगणात पेटवत, आणि घरात आणली तरी दार किलकिलं ठेवत. बाईंना हसू आवरेना. "ऊब करायची आणि दार उघडून घालवायची? अजबच तऱ्हा!"

नीलाला मुलगी झाली. रोज तिचं न्हाणं झालं की बाजेखाली निखाऱ्यांची शेगडी आणि ओव्याची धुरी, हे बाईंचं ठरलेलं. त्यांच्या कौलारू घरात वारा येत-जात असे. तो कुणी मुद्दाम आत घेतला नव्हता, म्हणून कुणाच्या लक्षातही नव्हता.

त्या सकाळी मी अळिवाचे लाडू घेऊन गेले. बाई डिंक तळत होत्या. "हळू हं, दोघी गाढ झोपल्यात. शेक छान लागला."

मी खोलीचं दार ढकललं. नीलाचे डोळे अर्धवट उघडे. हाक मारली, हलवलं, काही नाही. बाळाला उचललं तर हातपाय लुळे लोंबले.

मी किंचाळले असणार, कारण मिसेस चोप्रा धावत वर आल्या. "कोयले की गॅस चढ़ गई! खिडकी खोलो! बच्ची मुझे दो!" त्या बाळाला घेऊन बाल्कनीत पळाल्या. मी कागद ओरबाडले, खिडक्या उघडल्या, शेगडी बाहेर ढकलली. बाई दारात, हातात तुपाचा झारा. "मी केलं हे? मीच?"

ती हाडं गोठवणारी हवा आत आली आणि बाळ रडलं. नीलाला उलटी झाली, मग ती पुटपुटली, "आई." बाई तिथेच जमिनीवर बसल्या.

इस्पितळातून दोघी सुखरूप आल्या. शेगडी पुन्हा पेटली नाही. दुपारी नीला बाळाला घेऊन उन्हात बसे, चोप्रांच्या रजईत गुरफटून. बाई शेजारी. बाळ झोपलं की त्या हळूच त्याच्या नाकाशी बोट धरत. बाळाची पद्मजा झाली, शाळेत जाऊ लागली, तरी बाईंची ती सवय सुटली नाही.