सावजीच्या गावात कुप्याचं सँडविच

रत्नागिरीहून निघताना माझ्या पिशवीत कपड्यांपेक्षा मासे जास्त होते. मासे म्हणजे डब्यातले. आपल्याकडचा कुपा, ज्याला हल्ली सगळे ट्यूना म्हणतात, तो पाण्यात घालून बंद केलेला. समुद्राकाठची बाई पत्र्याच्या डब्यातला मासा घेऊन विदर्भात निघाली, हे ऐकून शेजारणीने माझ्या कपाळाला हात लावून पाहिला.

कारणच तसं होतं. माझी थोरली बहीण, अक्का, लग्न होऊन नागपूरला गेली त्याला तीसेक वर्षं झाली. तिचे यजमान मधुकरभाऊजी उमरेडच्या विणकर घरातले. त्यांच्या आईच्या हातचं सावजी मटण, काळ्या मसाल्याचं आणि वर तर्री (रश्शावर तरंगणारा लालभडक तेलाचा थर) असलेलं, हे त्यांचं दैवत. गेल्या उन्हाळ्यात त्यांना हृदयविकाराचा झटका आला. बरे झाले, पण डॉक्टरांनी तर्रीला हद्दपार केलं. मासे खा म्हणाले, तेल नको. अक्काने उकडलेल्या भाज्या सुरू केल्या, भाऊजी अर्धपोटी उठायला लागले, आणि एके दिवशी धुवायला टाकलेल्या त्यांच्या शर्टाच्या बाहीवर अक्काला तर्रीचा डाग सापडला. त्या दिवसापासून तिने त्यांच्याशी बोलणं बंद केलं.

"तू ये," ती फोनवर म्हणाली. "माशाचं काहीतरी हलकं पण चवीचं करून दाखव. नाहीतर हा माणूस उपाशी तरी मरेल, नाहीतर खाऊन तरी."

गाडीत एक डबा पिशवीतून निसटला आणि घरंगळत समोरच्या बाकाखाली गेला. तिथे वर्ध्याला उतरणाऱ्या एक आजीबाई बसल्या होत्या.

"बाई, हे तुमचं का? माझ्या पायापाशी येऊन राहिलं घडीघडी."

"माझंच. मासा आहे त्यात."

आजींनी पाय वर घेतले. "मंग आतमधी पानी हाय का?"

"आहे ना."

"मंग जिता हाय का थो?"

"आत्तापर्यंत तरी काही बोललेला नाही," मी म्हणाले. वर्धा येईपर्यंत आजींचे पाय काही खाली आले नाहीत.

नागपूर स्टेशनावर भाऊजी स्कूटर घेऊन आले होते. थंडीचे दिवस, गळ्यात मफलर. हिंगण्याच्या कारखान्यात पाळीपाळीने राबलेला हा आडवा गडी, निवृत्तीनंतर तर चांगलाच सुटला होता. आता शर्ट अंगावर लोंबत होता. मला धसकाच बसला. त्यांनी पिशवी उचलली, हलवून पाहिली आणि म्हणाले, "शैला, काय वं, लोखंड आणलं का इतकं?"

"मासे आहेत, भाऊजी."

"तुया बहिणीनं सांगितलं असन," ते म्हणाले आणि स्कूटरला किक मारली.

घरी पोचल्यावर मला माझी खरी नेमणूक कळली. मी निरोप्या होते. अक्का स्वयंपाकघरात, भाऊजी बाहेरच्या खोलीत टीव्हीसमोर, आणि मधल्या बोळात मी.

"विचार त्यांना, दोडका खाणार की उपास करणार," अक्का म्हणाली.

मी बाहेर जाऊन सांगितलं, "अक्का म्हणते, तुम्ही जेवल्याशिवाय तिला घास उतरत नाही."

भाऊजींनी संशयाने माझ्याकडे पाहिलं. "असं म्हणली ते?"

"हो."

"तिले सांग, दोडका तिच्या माहेरी पाठव म्हणा."

मी आत जाऊन सांगितलं, "ते म्हणतात, दोडक्यावरून त्यांना आपल्या आईची आठवण आली."

अक्का हातातली पळी तशीच धरून उभी राहिली. दोन दिवस मी हे असं चालवलं. खोटं बोलण्यात मला इतकी मजा कधीच आली नव्हती. पण भाऊजींच्या ताटात उरलेलं अन्न पाहिलं की मजा ओसरायची.

माझा पहिला प्रयोग सपशेल फसला. सँडविचमध्ये मेयोनीजच्या जागी दही वापरायचं, एवढंच मी ठरवून आले होते. अक्का म्हणाली, "फ्रिजमधून सांबार काढ." मी सगळा फ्रिज धुंडाळला, इडलीबरोबरचं सांबार कुठेच नव्हतं. इथे कोथिंबिरीला सांबार म्हणतात, हे कळेपर्यंत कांदा चिरून झाला होता. डबा उघडून कुपा काढला, त्यात दही, कांदा, काकडी आणि ते सांबार घातलं आणि ब्रेडमध्ये भरलं. ताटलीत देईपर्यंत पाव खालून ओला होऊन फाटला.

भाऊजींनी एक घास खाल्ला. बराच वेळ चावला. "सांग तिले," ते म्हणाले, "पावाले टूथपेस्ट लावल्यासारखं लागून राहिलं."

हा निरोप मात्र मी जसाच्या तसा पोचवला. खरंच तसं लागत होतं.

चूक पाण्यात होती. दह्यात पाणी, काकडीत पाणी, डब्यातल्या माशात पाणी. म्हणून अक्काला मी दही टांगायला एखादं मऊ सुती कापड मागितलं. तिने कपाटातून एक जुनं धोतर काढलं, त्याचं टोक स्वच्छ धुतलं आणि दह्याची पुरचुंडी नळाला बांधून टाकली. सकाळी मी उठले ती आरडाओरड्याने.

"माह्या बाबाचं धोतर!" भाऊजी स्वयंपाकघराच्या दारात उभे होते. "त्याईनं सोताच्या हातानं विणलं होतं ते! त्यातून दही काहून गळून राहिलं?"

"धुतलेलं आहे!" अक्का ओरडली. "आन् तुमच्याच जिवासाठी गाळून राहिली!"

"माह्या जिवासाठी बाबाले नळाले लटकवलं?"

"कपाटात कसर लागून राहिली होती त्याले! तुमी कधी उघडून पाहिलं का?"

मी दाराआडून ऐकत होते. इतक्या दिवसांत दोघं पहिल्यांदाच थेट एकमेकांशी बोलत होती, आणि माझी नोकरी गेल्याचा मला मनापासून आनंद झाला होता.

भांडता भांडता भाऊजी आत आले ते आतच राहिले. पुरचुंडीतला चक्का त्यांनी बोटाने चाटून पाहिला. मी काकडी किसून मीठ लावून पिळली, कांदा बारीक चिरून पिळला, डब्यातला कुपा चाळणीत दाबून कोरडा केला. चक्क्यात फेसलेली मोहरी, लिंबू, मिरपूड आणि कोथिंबीर घालून हे सगळं त्यात कालवलं. बांधून आलं, पण अजून गुमसुमच लागत होतं.

"याच्यात आईचा मसाला टाक," भाऊजी म्हणाले.

"तेल नाही!" अक्का म्हणाली.

"मसाल्यात कायचं तेल वं? तेल तर कढईत राहते."

अक्का माझ्याकडे पाहत राहिली, मी तिच्याकडे. मग तिने धणे, खसखस, जवस, मिरी आणि दगडफूल कोरड्या तव्यावर भाजून कुटलं. किती घालायचं यावर दोघं पुन्हा भांडली. तो चमचाभर मसाला पडला आणि कुप्याने कूस बदलली. पाव तव्यावर कोरडाच भाजला, वर सारण पसरलं, अक्काच्या अटीप्रमाणे चीजची एकच पातळ चकती ठेवली आणि दुसऱ्या पावाचं झाकण घातलं. चीज कडेने ओघळायला लागलं तेव्हा भाऊजी ताटली घेऊन ओट्याशी उभे होते. दोन संपवून त्यांनी तिसऱ्यासाठी ताटली पुढे केली, आणि अक्का खिडकीकडे तोंड करून उगाचच भांडी आवरायला लागली.

दुसऱ्या दिवशी त्याच खुशीत रामटेकला जायचं ठरलं. सँडविचं भरून घेतली. भाऊजींनी शेजाऱ्यांची मोटार मागून घेतली. भाताची कापणी झालेली शेतं, रस्त्याच्या कडेला संत्र्यांचे ढीग, लांबवर टेकडीवरचं मंदिर. भाऊजी शीळ घालत होते. टेकडीवर रामाचं दर्शन घेतलं. तिथल्या माकडाने माझ्या हातातून एक सँडविच पळवलं, हुंगलं, खाल्लं आणि दुसऱ्यासाठी परत आलं. अक्का एवढी हसली की तिला पायरीवर बसावं लागलं.

परतताना नागपूर जवळ आल्यावर अक्काला चहा हवा झाला, म्हणून रस्त्याकडेच्या एका सावजी भोजनालयासमोर थांबलो. गल्ल्यावरचा मालक भाऊजींना पाहून उठलाच.

"या या, भाऊ! आज वहिनीले पण आणलं का? परवा एकटेच आले, म्हणून अर्धीच प्लेट खाऊन गेले!"

परवा. म्हणजे धोतराच्या आदल्या दिवशी. बँकेत जाऊन येतो म्हणाले होते, तो दिवस.

अक्का हलली नाही. मालकाच्या लक्षात आलं आणि तो घाईघाईने आत निघून गेला. मला वाटलं, आता ही पुन्हा महिनाभर बोलायची नाही. निरोप फिरवण्यासारखंही काही उरलं नव्हतं. जे होतं ते तिघांसमोरच होतं.

"मी इथं खायले नाही येत वं," भाऊजी खाली बघत म्हणाले.

"मंग कायले येता? भजनाले?"

"इथं माह्या ताटाकडं कोणी पाहत नाही." त्यांचा आवाज बारीक झाला. "घरी मी घास उचलला की तू पाहतं. ठेवला की पाहतं. दवाखान्यात मशीन लावलं होतं ना, तसं वाटते. इथं लोक बसतात, गप्पा मारतात. मी माणसासारखा जेवतो."

अक्का म्हणाली, "झटका आला त्या दिवशी तुमी जेवून राहिले होते. मी पाहून राहिली होती, म्हणून दिसलं मले, हातातला घास खाली पडला ते. पाहत नसती तर?"

भाऊजींना हे माहीत नव्हतं. म्हणजे घास पडला हे माहीत होतं, पण ती त्या घासाकडे पाहत होती आणि तेव्हापासून नजर काढूच शकली नव्हती, हे त्यांना कोणी सांगितलंच नव्हतं. त्यांनी बाकावर तिच्या बाजूला सरकून जागा केली. ती बसली.

मी निरोप्या म्हणून आता काहीच कामाची उरले नव्हते, म्हणून मालकाला हाक मारली. अक्काने डोळे पुसले आणि माझ्या आधी तिनेच ऑर्डर दिली. "एक मटण आणा. पाहुणीले."

"मला?"

"नागपूरला येऊन सावजी नाही खाल्लं तर काय सांगशील तिकडं?" तिच्या चेहऱ्यावर ते लहानपणचं खट्याळ हसू होतं, ज्याच्यानंतर नेहमी मलाच मार बसायचा.

मटण आलं. एका घासात माझ्या कानांतून वाफा निघाल्या. डोळे, नाक, सगळं वाहायला लागलं. पाण्याने आग आणखी भडकली. तेव्हा भाऊजींनी डबा उघडला, आपलं सँडविच उकललं आणि त्यातला चक्का-कुपा चमच्याने माझ्यापुढे केला. "खा, खा. हलकं हाय." अक्का आणि भाऊजी एकमेकांच्या खांद्यावर टेकून हसत होती. मी मसाल्याच्या आगीवर मसाल्याचाच कुपा खात होते आणि तो, देवाशपथ, थंड लागत होता. भाऊजींनी उरलेला पाव कोरडाच खाल्ला. मटणाच्या वाटीकडे दोनदा पाहिलं, पण हात लावला नाही.

परतीच्या गाडीत मी या सगळ्याचा विचार करत होते. पाककृती घेऊन गेले होते, ती तिथे पुरती बदलली. माझ्या पद्धतीने केलेलं ते सँडविच कोणी खाल्लं नसतं. भाऊजींना आईचा मसाला पाहिजे होता आणि अक्काला ते जेवताना दिसायला पाहिजे होते. आणि मी दोन दिवस या खोलीतून त्या खोलीत गोड निरोप पोचवत होते, त्यातला एकही मुळात तितकासा खोटा नव्हता, असं आता वाटतं.

घरी पोचल्यावर शेजारणीला तेच सँडविच करून दिलं. ताज्या कुप्याचं केलं असतं तर अधिक चांगलं झालं असतं असं तिने सांगितलं आणि दोन खाल्ली.

संध्याकाळी अक्काचा फोन आला. भाऊजी नीट जेवतात म्हणाली. ती आता जेवताना त्यांच्या समोर बसत नाही, शेजारी बसते.

"मग ताट दिसत नसेल तुला," मी म्हणाले.

"नाही दिसत."

"काळजी नाही वाटत?"

"कायले वाटन?" अक्का म्हणाली. "चीजसाठी दुसऱ्यांदा हात लांब केला की त्याईचं कोपर लागते मले."