शंकासुर आणि फायसोक्लिस्ट मासे

त्याला सगळे शंकासुर म्हणत, आणि हे नाव कोणी पाडलं याचाही त्याला संशय होता. आधी बायकोवर, मग कामावरच्या पहारेकऱ्यावर, शेवटी धाकट्या भावावर. खरं तर ते आईनं ठेवलं होतं, तो शाळेत जात असताना. पण ती आता सांगायला उरली नव्हती, आणि सांगितलं असतं तरी याने मानलं नसतं.

माणूस वाईट नव्हता, हे आधीच सांगून टाकलेलं बरं. वडील गेले तेव्हा धाकटा अजून बोट धरून चालत होता. त्याला यानेच वाढवला, शिकवला, आपल्या शेजारी कामाला लावला, त्याचं लग्न करून दिलं. पण वडिलांच्या भागीदाराने होडी आणि जाळी गोड बोलून गिळली, ते याने उघड्या डोळ्यांनी पाहिलं होतं, आणि तेव्हा मनात जी पाल चुकचुकली ती पुढे गप्प बसलीच नाही. दुकानात माल तोलताना तो काट्याकडे नाही, दुकानदाराच्या बोटांकडे बघायचा. डॉक्टरने दिलेली गोळी औषधवाल्याला दाखवायचा, आणि औषधवाला काय म्हणाला ते परत जाऊन डॉक्टरला सांगायचा. स्वयंपाकघरात बायकोने डोळे पुसले तरी दारात उभा राहून विचारायचा, "काय झालं? कोण काय म्हणालं तुला?"

"अहो, कांदा म्हणाला," बायको सांगायची.

तो काम करायचा ते मत्स्यबीज केंद्र खाडीच्या तोंडाशी होतं. लांबलचक, बुटकी, पत्र्याची शेड. आत दोन्ही बाजूंना कंबरेएवढ्या उंचीच्या गोल टाक्या. समुद्राचं पाणी गाळून त्यात सोडायचं, अंड्यांतून पिल्लं काढायची, ती बोटाएवढी झाली की मासे वाढवणाऱ्यांना विकायची. नुकतं निघालेलं पिल्लू पापणीच्या केसाएवढं असतं. दोन काळे ठिपके म्हणजे डोळे, बाकी सगळा अंदाज. टाक्यांचा मुख्य शंकासुर, आणि त्याच्या हाताखाली धाकटा.

प्रत्येक खेपेत थोडी पिल्लं वाकडी निघायचीच. पाठ मधेच मोडल्यासारखी, डोकं वर, शेपूट खाली, पोहताना नुसती धडपड. जगातल्या कुठल्याही केंद्रात अशी निघतात आणि बाजूला काढून टाकतात. पण एका वर्षी ती शंकासुराच्या डोळ्यांत भरली. आपल्याच टाक्यांत का? कोणीतरी काहीतरी टाकतंय. पलीकडच्या किनाऱ्यावर नवं केंद्र निघालं होतं. त्यांचा माणूस येत असणार. त्याने मालकाच्या मागे लागून प्रत्येक टाकीला पारदर्शक पत्र्याचं झाकण करून घेतलं, झाकणाला लोखंडी बिजागरी, बिजागरीसमोर कुलूप. किल्ल्यांचा जुडगा त्याच्या कमरेला. खाऱ्या हवेत लोखंड लगेच गंजतं, म्हणून संध्याकाळी शिलाई मशीनच्या तेलाची बुधली घेऊन तो एकेक झाकण उघडायचा, बिजागरीत आणि कुलपात तेल सोडायचा, झाकण हलवून बघायचा आणि बंद करायचा. एवढ्या मायेने त्याने स्वतःच्या गुडघ्यालाही कधी तेल लावलं नव्हतं.

आणि गंमत बघा, कुलपं लागल्यापासून वाकडी पिल्लं वाढली. आता शंकासुराची खात्रीच पटली. बाहेरचा माणूस नाही, आतलाच आहे.

मालकाने मत्स्यविद्यालयातून एका बाईंना बोलावलं. त्या आल्या, काचपट्टीवर पिल्लं ठेवून सूक्ष्मदर्शकातून बराच वेळ बघत बसल्या. शंकासुर त्यांच्या मागे उभा राहून त्यांच्याकडे बघत होता.

"काका, इकडे या. बघा," त्या म्हणाल्या. "पोटात वरच्या बाजूला हवेची पिशवी असते. वाताशय म्हणतात. या सरळ पिल्लात चमकतीय, दिसली? आणि या वाकड्यात रिकामी पडलीय."

"फोडली कोणी?"

"फोडली नाही. भरलीच नाही. असं असतं काका, काही माशांत घशापासून या पिशवीपर्यंत एक नळी असते आणि ती जन्मभर उघडी राहते. हवा कमी पडली की वर यायचं, एक घोट घ्यायचा. त्यांना म्हणतात फायसोस्टोम. आपल्या माशाची नळी पहिले थोडेच दिवस उघडी असते. तेवढ्यात पिल्लानं पाण्याच्या वर तोंड काढून हवा गिळली तर गिळली. मग नळी बंद. कायमची. अशा माशांना म्हणतात फायसोक्लिस्ट. बंद झाल्यावर तुम्ही सगळा समुद्र हवेनं भरलात तरी उपयोग नाही. पिशवी रिकामी, मग पिल्लू तरंगायला धडपडतं, धडपडून पाठ वाकते."

"मग यांनी गिळली का नाही?"

"वर तोंड काढता आलं नसेल. पाण्यावर तेलाचा पातळसा थर असला तरी पुरतं. एवढ्याशा जिवाला तो फुटत नाही. कुठून तेल येतंय का ते बघा."

बाई गेल्या. शंकासुराच्या डोक्यात दोनच गोष्टी राहिल्या: एक तो शब्द आणि दुसरं तेल. शब्दावर त्याचा विश्वास बसेना. एवढा लांब शब्द वापरायचा म्हणजे काहीतरी झाकायचं असणार. त्याने शेजारच्या मास्तरांना विचारलं. मास्तर म्हणाले, परका शब्द दिसतो. औषधवाल्याला विचारलं. तो म्हणाला, यावर आपल्याकडे गोळी नाही. मग मात्र शब्द त्याला आवडायला लागला. एकदा शिंप्याने सदऱ्याची कॉलर आवळ शिवली, तेव्हा हा ओरडला, "तुम्ही सगळे एकजात फायसोक्लिस्ट!" शिंप्याला वाटलं ती एखादी कापडाची जात असावी. "मिळालं तर आणून ठेवतो," तो म्हणाला.

तेलाचं मात्र थट्टेवारी नेण्यासारखं नव्हतं. तेल येतंय म्हणजे कोणीतरी ओततंय. टाक्यांना कुलपं आहेत, म्हणजे ओतणाऱ्याकडे किल्ली आहे. शंकासुराने रोजच्या वेळेआधी, नुसतं उजाडत असताना, केंद्रात जायला सुरुवात केली. मागच्या दाराने शिरायचं, पाण्याच्या पंपाआड उभं राहायचं.

आणि एका सकाळी त्याला दिसलं. धाकटा आला. इकडेतिकडे बघितलं. खिशातून किल्ली काढली, शंकासुराने त्याला कधी न दिलेली किल्ली, आणि पहिल्या टाकीचं झाकण उघडून आत वाकला. थोड्या वेळाने सरळ झाला तेव्हा त्याच्या हातात ओला कागद होता. त्याने तो चुरगाळला आणि सदऱ्याच्या आत कोंबला.

शंकासुराने पंपाआडून जाऊन त्याची गचांडी धरली. कागद ओढून काढला, बोटांनी चोळला, नाकाला लावला. तेल.

"दादा, मी काढतोय," धाकटा म्हणाला. "कागद पाण्यावर पसरला की वरचं तेल त्याला लागून येतं. मी काढतोय ते."

"आणि आलं कुठून?"

धाकट्याने तोंड उघडलं. मग दादाकडे बघून मिटलं.

"किल्ली कुठून आणलीस?"

"करून घेतली."

"चोरून?"

"हो. चोरून."

मालक आल्यावर कागद, किल्ली आणि भाऊ अशा तिन्ही गोष्टी शंकासुराने त्यांच्या टेबलापुढे उभ्या केल्या. मालकांनी धाकट्याला परत परत विचारलं, तेल कुठून आलं ते तरी सांग. धाकटा जमिनीकडे बघत राहिला. गप्प राहणारा माणूस दोषी, एवढा कायदा मालकांना येत होता. संध्याकाळच्या आत धाकट्याचं काम गेलं.

घरी बायकोने ऐकलं आणि हातातलं काम टाकून समोर येऊन बसली. "अहो, त्याला नीट बसवून विचारलंत का तरी?"

"चोराला काय बसवून विचारायचं?"

"तो चोर नाही. तुमचा भाऊ आहे."

"भागीदारही वडिलांना भाऊच म्हणायचा," शंकासुर म्हणाला. त्यानंतर ती बरेच दिवस त्याच्याशी कामापुरतंच बोलली, आणि ती धाकट्याच्या घरी जात असते की काय, असा त्याला संशय होता. ती जात होती.

धाकटा बर्फाच्या कारखान्यात लागला. केंद्रात नवी खेप आली. शंकासुराने कुलपं बदलली, बिजागऱ्यांना जरा जास्तच तेल घातलं, आणि निश्चिंत झाला. आता आत यायला कोणीच उरलं नव्हतं. पिल्लं मोठी झाली, आणि सगळी वाकडी निघाली. थोडी नाही, बरीच नाही, सगळी. टाक्यांमागून टाक्या नुसती धडपड. सगळी खेप खड्ड्यात पुरावी लागली. मालकांनी आवाज न चढवता एकच गोष्ट सांगितली. पुढची खेप अशी निघाली तर केंद्राला टाळं लागणार होतं.

पुढच्या खेपेची अंडी फुटली त्या संध्याकाळी तो सवयीने बुधली घेऊन फिरत होता. एक झाकण त्याने उघडलं, बिजागरीत तेल सोडलं, झाकण हलवलं. बिजागरीच्या खालच्या टोकाला एक थेंब जमला, लांबला आणि पाण्यात पडला. पडला तो बुडाला नाही. पसरत गेला, रंगीत होत, थेट पलीकडच्या कडेपर्यंत. शंकासुर बघत राहिला. खालून पिल्लं वर येत होती, थराला टेकत होती आणि परत खाली जात होती. पुन्हा येत होती.

त्याने आधी मागे वळून बघितलं, कोणी थेंब टाकला ते पाहायला. ही सवय. शेडमध्ये तो एकटाच होता.

मग मात्र हातातली बुधली बाहेर फेकून तो धावत कागद शोधायला गेला. हातानेच एकेक टाकीवर कागद पसरत, उचलत, पसरत राहिला, आणि रडत राहिला. सगळी झाकणं त्याने बिजागऱ्यांसकट उखडून काढली. तसाच तेलकट हातांनी मालकांपुढे जाऊन उभा राहिला आणि म्हणाला, "मीच होतो."

मालकांनी त्याचे हात बघितले. मग म्हणाले, "तुमच्या एकट्याच्या भरवशावर आता मी टाक्या सोडणार नाही. भावाला परत आणा. तो आला तर तुम्ही दोघं राहा. नाही आला तर मला दुसरी माणसं बघावी लागतील."

दुसऱ्या दिवशी तो धाकट्याच्या घरी गेला. भावजयीने दार उघडलं, आत या म्हणाली आणि स्वयंपाकघरात निघून गेली. धाकटा खाटेवर बसून बर्फाने फाटलेल्या बोटांना मलम लावत होता. शंकासुराने उभ्या उभ्याच सगळं सांगितलं. तेल, थेंब, झाकणं, मालक. माफीही मागितली, जन्मात पहिल्यांदा, त्यामुळे शब्द जरा उलटसुलट लागले.

"मला माहीत होतं दादा," धाकटा म्हणाला.

"मग बोलला का नाहीस?"

"एकदा म्हणालो होतो. तेल जरा बेतानं घाल म्हणून. तू काय म्हणालास? कुलपं गंजली तर कोणाचं फावेल, असं. आणि मग किती दिवस माझ्या पिशव्या तपासायचास. म्हणून गुपचूप काढत होतो."

"पण मालकांपुढे तरी!"

"मालकांपुढे तुझं नाव घेतलं असतं तर तुला काढलं असतं. मला बर्फाचं काम मिळालं. या वयात तुला कोणी दिलं असतं?"

शंकासुर खाली बसला. "येतोस का परत?" त्याने विचारलं.

"येतो की," धाकटा म्हणाला. उठला, खुंटीवरचा सदरा काढला आणि एक हात बाहीत घातला. "या खेपेच्या पिल्लांना अजून हवा गिळता येईल. चल, आत्ताच जाऊ."

आणि शंकासुराच्या मनात आलं: इतक्या सहज? एवढं सोसून माणूस एका शब्दात तयार होतो? पलीकडच्या किनाऱ्यावरच्या लोकांनी तर याला... विचार पुरता झालासुद्धा नाही. त्याने तो ढकलला, अगदी जीव खाऊन ढकलला. पण डोळे धाकट्याच्या खिशाकडे जाऊन आले होते.

धाकट्याचा हात बाहीतच थांबला.

"काय आलं मनात, दादा?"

"काही नाही रे. कुठे काय?"

धाकटा त्याच्याकडे बघत राहिला. रागाने नाही, राग असता तर बरं झालं असतं. मग त्याने हात बाहीतून काढून घेतला आणि सदरा परत खुंटीला अडकवला.

"पिल्लांवर दिवसातून दोनदा कागद फिरव," तो म्हणाला. "घाई करू नकोस, हलक्या हातानं. ती जगतील." आणि आत तोंड करून बायकोला म्हणाला, "अगं, दादा निघालाय."