गळतीत दिलेला होकार

मे महिन्यात नागपूरला जाऊ नकोस, असं मला सगळ्यांनी सांगितलं. फक्त मुलीच्या वडिलांनी सांगितलं नाही. मामा सोबत यायचे होते, पण तिकडच्या उन्हाची बातमी वाचली आणि त्यांची कंबर धरली. आईचे गुडघे तर आधीपासूनच धरलेले. तेव्हा वयाच्या चौतिसाव्या वर्षी, नवी बेलबॉटम चढवून, मी एकटाच मुलगी पाहायला निघालो. पुण्याच्या फलाटावर खिडकीशी उभी राहून आई म्हणाली, "या खेपेला नाक मुरडू नकोस रे." मी पेपर वाचत होतो. "हं," म्हटलं.

भुसावळ गेलं आणि खिडकीतून वाऱ्याऐवजी भट्टी आत येऊ लागली. समोरच्या धोतरवाल्या काकांनी विचारलं, "पुण्याचे काय जी?"

"हो. कसं ओळखलंत?"

"घामावरून. कुठं चालले?"

"गांधीबागेच्या मागे, एका गल्लीत."

"मग गळती पाहूनच या," ते म्हणाले. आपण पाहुण्याला पर्वती चढायला पाठवतो, त्याच अभिमानानं. मला वाटलं, एखादं छप्पर गळत असेल.

नागपूर स्टेशनच्या वेटिंग रूममध्ये दिवा नव्हता. अंधारात कपडे बदलले आणि सायकलरिक्षात बसलो. गांधीबागेत दुकानांपुढे कापडाचे तागे रचलेले होते आणि त्यांच्यावर गुमास्ते आडवे झाले होते. दुपारी इथं फक्त ऊन आणि पुणेकर हिंडतात.

मुलीचे वडील तिथल्याच एका कापडदुकानात कामाला. घर दोन खोल्यांचं, खिडक्यांना वाळ्याच्या ताट्या, त्यांच्यावर पाणी मारलेलं. आत पाऊल टाकलं आणि जीव परत आला. मुलीनं, कुसुमनं, पोहे आणून ठेवले. मुलींच्या शाळेत शिकवायची, लांब वेणी, नजर सरळ. मला ती बरी वाटली. पण बरी तर मला याआधीही पुष्कळ वाटल्या होत्या आणि प्रत्येकीत मी काहीतरी खोट काढलीच होती. पोह्यांवर तर्री (हरभऱ्याचा लालभडक रस्सा) आणि सांबार (म्हणजे आपली कोथिंबीर). पहिल्या घासाला माझ्या डोळ्यांतून धारा लागल्या. मुलीच्या आत्यानं ते भावनेचे अश्रू समजून स्वतःचाही पदर डोळ्यांना लावला.

कुसुम पाणी आणायला आत गेली, तेवढ्यात कोपऱ्यातला माठ बुडबुडू लागला. गल्लीतून हाक आली, "गळून राहिली वं, गळून राहिली." आत्यानं हातातलं ताट खाली ठेवलं आणि होती तिथंच बसली.

"काई घाबरू नका जी," वडील म्हणाले. "आपल्या बाजूले दुसरं नागपूर आहे. त्याची वेळ काही वर्सं पुढं आहे. कधी कधी तिकडली वेळ इकडं गळते, इकडली तिकडं. बसून राहा. फक्त हो-नाही काहीच म्हणू नका."

"काय होतं म्हटलं तर?"

"मांगं शेजारच्या बाबूरावनं गळतीत म्हशीचा सौदा केला. म्हैस तिकडं गेली. त्याच्या हातात दोरी राहिली."

मी हसायच्या बेतात होतो, पण कुसुम पाणी घेऊन बाहेर आली. कुसुमच, पण कमरेत भरलेली, कानाशी दोनचार पांढरे केस, गळ्यात मंगळसूत्र. तांब्या माझ्यापुढे ठेवून ती म्हणाली, "अजून इथंच? गाडीची वेळ झाली. अन् बनियन उलटा घातला तुम्ही, आजही."

मी शर्टाच्या उघड्या गळ्यातून पाहिलं. शिवण बाहेर. वेटिंग रूममधल्या अंधाराची कृपा. तिनं स्वयंपाकघराच्या दारातल्या टोपलीतून एक कांदा उचलला आणि सरळ माझ्या खिशात घातला. "ऊन लागते. काढू नका."

इतक्या घरचे पोहे खाल्ले मी, पण माझ्याकडे असं कुणी पाहिलं नव्हतं. माझा सगळा पुणेरी ताठा उतरला. वडिलांचा सल्ला विसरून मी म्हणालो, "मला पसंत आहे."

ती हसली. "आता? इतक्या वर्सांनी?"

माठ शांत झाला. दारात वेणीवाली कुसुम उभी होती, हात रिकामे, चेहरा उतरलेला. मला मात्र उकळ्या फुटत होत्या. मी सगळ्यांना बनियन दाखवला, कांदा दाखवला आणि वकिली थाटात सांगितलं, "दोन्हीकडे बनियन उलटा, म्हणजे दोन्हीकडे माणूस एकच. आमचं ठरलेलंच आहे."

"मी पण पाहून आली त्या माणसाले," कुसुम म्हणाली. "सासुरवाडीले आले होते. सैपाकघरात बसून पेपर वाचून राहिले होते. मी समोर उभी, इतकी लहान, वेणी घातलेली. त्यांनी वर पाहिलंच नाही. 'चहा,' म्हणाले."

"तो तिकडचा," मी म्हणालो. "त्याचा माझा काय संबंध?"

"अन् बनियन?"

मी शर्टाचं वरचं बटण लावलं. वडिलांनी घसा खाकरला. आत्यानं पुन्हा पदर डोळ्यांना लावला, या वेळी खरोखर.

"माझं नाही म्हणणं आहे," कुसुम म्हणाली. गळती थांबल्यावर, नीट, शुद्धीत. निघताना मी कांदा परत द्यायला गेलो, तर तिनं माझा हात बाजूला केला. "राहू द्या जी. ऊन आहे."

परतीच्या गाडीत मी खिडकीशी कांदा हातात धरून बसलो. माझा होकार तिकडे राहिला होता, बाबूरावच्या म्हशीसारखा. तिकडची ती अजूनही त्या पेपरवाल्यासाठी टोपलीत कांदा शोधत असेल, या विचारानं मला स्वतःचा राग आला. गळती फक्त नागपुरात होते, हे वाक्य या प्रवासवर्णनासाठी मी मनात तयार ठेवलं होतं.

घरी पोचलो. शर्ट खुंटीला लावला, खुर्चीत बसून पेपर उघडला. आतून आई आली. "जमलं का रे?"

"हं," मी म्हणालो, आणि मला ते ऐकू आलं.

पेपर खाली ठेवला. आईकडे पाहिलं. तिचे केस सगळे पांढरे झाले होते. ते कधी झाले, हे मला माहीत नव्हतं, आणि आमच्या घरात कधी कुठला माठ बुडबुडला नव्हता.

"असा काय बघतोस?" आई म्हणाली. "बनियन उलटा आहे तुझा."