विहिरीतून उडालेला माणूस

माणूस उडवायचं काम माझ्या गळ्यात पडलं तेव्हा मी कोल्हापूरच्या एका स्टुडिओत सुतार होतो आणि रोजच्या ठोकाठोकीला पार विटलो होतो. सिनेमा एका गरीब गड्याचा होता. तो विहिरीत पडतो, तळाशी त्याला दैवी शक्ती मिळते आणि तो पाण्यातून सरळ आभाळात जातो. कागदावर हे दोन ओळींत उरकलं होतं. आम्ही हाताने फिरवायचा रहाट केला, तर नट आचके देत वर यायचा. दिग्दर्शक वैतागून म्हणाला, ''ह्याला उडवताय का फाशी देताय?''

तेव्हा मला मोट आठवली. कसबा बावड्याला आमच्या विहिरीवर वडिलांची, म्हणजे आबांची, मोट वर्षापूर्वीपर्यंत चालू होती. थोरल्या भावाने विजेची मोटर बसवली आणि बैलजोडी गोठ्यात नुसती उभी राहिली. ती विकायचं घरात ठरलं होतं. मोटर आणताना मीही हो म्हटलं होतं. शूटिंग होईपर्यंत जोडी ठेवू, एवढंच थोरल्याने कबूल केलं.

मी आमच्याच विहिरीवर उंच चौकट उभारून चाक वर नेलं. मोटेचा जाड नाडा होताच, त्याला चामड्याच्या मोटेऐवजी नट बांधला. बैल उतारावरून चालू लागले, आबा सवयीने नाड्यावर बसून गाऊ लागले आणि नट अलगद वर आला. गाण्याशिवाय बैल हलत नव्हते. आवाज नंतर भरायचा असल्यामुळे कुणी हरकत घेतली नाही.

ही झाली तालीम. कॅमेरा चालू झाल्यावर मात्र बैल रोज अर्ध्यावर थांबायचे. नट पाण्यावर लोंबकळायचा, दिग्दर्शक डोकं धरून बसायचा आणि सगळ्यांच्या शिव्या मला बसायच्या. तीन दिवस हेच चाललं. संध्याकाळी आबा मात्र न चुकता विचारायचे, ''उद्या हाय न्हवं?''

तिसऱ्या संध्याकाळी मी त्यांना गोठ्यात गाठलं. ''आबा, मुद्दाम थांबवताय न्हवं?''

''व्हय,'' ते वैरण टाकत म्हणाले. ''तुमचं काम झालं की ह्यास्नी बाजार. थोरल्याला सांग इकू नगो म्हणून, मग वडतो.''

मी थोरल्याला सांगितलं नाही. भांडायचं त्राण नव्हतं, आणि बोललो असतो तर माझाच होकार त्याने माझ्या तोंडावर मारला असता. आजही त्या गोष्टीची लाज वाटते.

दुसऱ्या दिवशी बैल पुन्हा थांबले. सारखा भिजून नटाला ताप भरला होता. दात वाजत असताना तो खालून म्हणाला, ''मामा, एकदाच वर घ्या. आता सोसत नाही.''

आबांनी विहिरीत वाकून बघितलं. मग बैलांच्या पाठीवरून हात फिरवला आणि गायला लागले. एका दमात माणूस वर आला, इतका सुरेख की टाळ्या वाजवायचंही कुणाला सुचलं नाही. आबांनी बैल मागे घेत त्याला काठावर उतरवलं, जू सोडलं आणि घरी गेले. पुढच्या बाजाराला जोडी मुरगूडकडच्या एकाने नेली.

सिनेमा चालला. बावड्यातली पोरं गळ्यात टॉवेल बांधून विहिरीत उड्या टाकू लागली. ''तीच हीर का ही?'' म्हणत जयसिंगपूरपासून पावणं बघायला येत. आबा त्यांना हाकलून लावायचे. बऱ्याच विनवण्या करून मी त्यांना थेटरात नेलं.

तो प्रसंग आला. ढोल वाजले, नट पाण्यातून वर निघाला आणि शिट्ट्यांनी थेटर दणाणलं. शेजारी आबांच्या मुठी घट्ट आवळल्या होत्या, बैलांचा कासरा धरावा तशा. ते पुटपुटत होते, ''मागं... हळू, मागं...''

पडद्यावर पुढचा प्रसंग सुरू झाला होता. राजवाडा, नाच, हसणारे लोक. आबांचं तिकडे लक्ष नव्हतं. मध्यंतराचे दिवे लागले तरी ते तसेच बसून होते.

''त्येला खाली घेतलंच न्हाय की,'' ते मला म्हणाले. ''बैलं तशीच हुबी असतील.''